अर्धी मिशी

सलूनवाले अण्णा एरवी अखंड बडबडे, पण वस्तरा हातात आला की तोंडाला कुलूप. बत्तीस वर्षांत त्यांनी कुणाच्या गालावर ओरखडा उमटू दिला नव्हता. हल्ली गिऱ्हाइकं मोबाइलवर फोटो दाखवून "असंच पाहिजे" म्हणत. "केस तसे कापतो, चेहरा मात्र तुझाच राहील बरं," एवढं सांगून अण्णा कामाला लागत.

त्यांचं लाडकं गिऱ्हाईक म्हणजे पोस्टातला कारकून. झुपकेदार मिशीला पीळ देत तो मोबाइलवर कडक बापाच्या नकला करी. दर रविवारी संध्याकाळी हजारो लोक त्याच्या नव्या व्हिडिओची वाट बघत.

त्या रविवारी दुपारी तो दाढीला बसला आणि मागचा व्हिडिओ लावून त्याने मोबाइल आरशाला टेकवला. "बघा तरी, अण्णा."

व्हिडिओतला बाप "माझा चष्मा कुणी घेतला?" म्हणून घर डोक्यावर घेत होता आणि चष्मा त्याच्याच कपाळावर. अण्णांना हसू फुटलं. वस्तरा सरकला, उजव्या मिशीचा तुकडा गेला. घाईघाईत मिशी सारखी करता करता ती बाजू पार साफ झाली.

कारकुनाचा चेहरा पडला. "अहो, मिशीवरच तर माझं सगळं चाललंय. संध्याकाळी लोकांना काय दाखवू?"

"साहेब, मी तोंड दाखवायच्या लायकीचा राहिलो नाही," अण्णा पुटपुटले. त्यांनी त्याच्या गालावरचा फेस पुसला, खुर्ची एकदा इकडे वळवली, एकदा तिकडे. मग थबकले. "साहेब, डावीकडून तुम्ही बाप दिसता. उजवीकडून त्याचा पोरगा."

कारकुनाने मान डावीउजवीकडे फिरवून बघितली. मग घसा खाकरला. "कुठे उलथला होतास?"

झटकन मान वळली. "अभ्यासाला, बाबा."

"मग अंगाला अत्तराचा वास कसला येतोय?"

त्याच खुर्चीत बसून बापलेक तासभर भांडले. मोबाइल अण्णांनी धरला होता, ओठ दातांखाली दाबून. संध्याकाळी व्हिडिओ लोकांनी डोक्यावर घेतला आणि अण्णांना रात्री जेवण गेलं.

मंगळवारी कॉलेजातले तिघे दारात हजर. "काका, अर्धी मिशी."

अण्णांनी वस्तरा उचलला, ओठाजवळ नेला आणि परत ठेवून दिला. "बाबांनो, चुकून झालं ते झालं. मुद्दाम करायला हात धजत नाही."

खुर्चीतल्याने खिशातून मोबाइल काढला. "मग चष्म्याचा व्हिडिओ लावू का?"