गडग्याचं वळण

टाउनलँड म्हणजे काय, हे माझ्या आयरिश साहेबाने मला तीनदा समजावलं. गाव नव्हे, गावाहून लहान. दुकान नाही, चर्च नाही, साधी पाटीसुद्धा नाही, पण हद्द पक्की, आणि पत्त्यात नाव लागतंच. तिसऱ्या वेळी माझी ट्यूब पेटली. मनात म्हटलं, अरे बाबा, वाडी म्हण की सरळ! आमच्या रायगडात एकेका गावाला सात-आठ वाड्या असतात. एवढ्याशा गोष्टीपायी माझा चहा गार केला त्याने.

आम्ही दुबईत एका सर्व्हे कंपनीत. तो इंजिनियर, मी ड्राफ्ट्समन, इथे बावीस वर्षं झाली. राहायला शारजात, अल नहदाला. कामावरून आमचं रोज वाजायचं, म्हणून तो घरचं काम घेऊन माझ्याकडे आला याचंच मला नवल वाटलं. त्याचे वडील पंच्याऐंशीचे. डोळे जात चालले होते. डॉक्टर म्हणाले होते, फार तर नाताळपर्यंत दिसेल. त्यांच्या वाडीत प्रत्येक शेताला नाव आहे, आणि ती नावं आता एकट्या म्हाताऱ्याला ठाऊक. हा पठ्ठ्या बाराव्या वर्षी बोर्डिंगला गेला तो गेलाच. नकाशा काढायचा, त्यात सगळी नावं घालायची आणि वडिलांना दिसतंय तोवर त्यांच्या नजरेखालून घालायचा, एवढंच त्याला हवं होतं. मी लगेच हो म्हटलं. आमच्या भाताच्या कुणग्यांनाही नावं होती. अब्बा गेले आणि एकदोन सोडून बाकीची त्यांच्याबरोबर गेली. मी कधी विचारलीच नाहीत, याची मला अजून लाज वाटते.

शुक्रवारी ऑफिस अर्धा दिवस. जुम्म्याची नमाज पढून मी परत यायचो आणि आम्ही मीटिंग रूममध्ये व्हिडिओ कॉल लावायचो. बायको म्हणायची, आठवड्यातली एक दुपार मिळते, तीही तुम्ही आयर्लंडला देऊन टाकली. तिकडे तेव्हा सकाळ. म्हातारा स्वयंपाकघरात टेबलाशी टोपी घालून बसलेला, मोबाइलच्या इतका जवळ की अर्धा वेळ नुसतं कपाळ दिसायचं. त्याचं इंग्रजी मला काडीचं कळत नसे. मुलगा नीट करून सांगायचा आणि मी सॅटेलाइट फोटोवर रेघा मारायचो.

उत्तरेला टेकडी, पायथ्याशी दलदल. तिथली काळी माती विटांसारखी कापून, वाळवून चुलीत जाळतात. पूर्वेला ओढा, तीच हद्द. शेतांच्या मधे दगडावर नुसता दगड रचलेल्या भिंती, थेट आमच्या कोकणातले गडगे. एकेकाळी बारा घरं होती, आता तीन. बटाट्याच्या दुष्काळात काही घरं उपाशी मेली, काही बोटीत बसून गेली ती परत आली नाहीत. जमीन तेव्हा जमीनदाराची. म्हाताऱ्याच्या आजोबांच्या वेळी ती कसणाऱ्यांच्या नावावर झाली, आपल्या कूळकायद्यासारखंच. शेतांची नावंही साधी. विहिरीचं, विधवेचं, उपाशी शेत. एकाचं तर नुसतंच ‘लांबडं’. आमचाही एक लांबडा कुणगा होता, हे मी साहेबाकरवी म्हाताऱ्याला सांगितलं. तो खूश झाला आणि विचारता झाला, किती लांब?

सतरा शेतं झाली. ओढ्याजवळच्या दोन शेतांमधला गडगा मात्र सरळ येता येता मधेच पोट काढून तीनेक मीटर बाहेर जायचा आणि पुन्हा सरळ व्हायचा. मी तो सरळ केला. कोणाला विचारलं नाही. इथे वाळवंटात प्लॉट पट्टीने आखतात, वाकडी रेघ दिसली की माझा हात शिवशिवतो. वाटलं, फोटोतली सावली असेल, नाहीतर रचणाऱ्याची चूक. ती सुधारली म्हणून वर समाधानसुद्धा वाटलं मला.

ऑक्टोबरात साहेब मोठ्ठा प्रिंट घेऊन रजेवर घरी गेला आणि दुसऱ्याच दिवशी त्याचा ऑफिसात व्हिडिओ कॉल आला. म्हाताऱ्याचं नाक कागदाला टेकलेलं. बोट रेघांवरून फिरत होतं, एकेक नाव तो मोठ्याने वाचत होता. ओढ्यापाशी बोट थांबलं. मागे आलं, पुन्हा गेलं. त्याने विचारलं, वळण कुठे आहे? मुलगा समजूत घालायला लागला की एवढा फरक नकाशात चालतो. म्हातारा ऐकेना. मी सांगून टाकलं की वळण होतं, मीच ते पुसलं.

वाटलं, आता शिव्या खाणार. तो रागावला नाही. थांबत थांबत, इतकं सावकाश बोलायला लागला की या वेळी त्याचं इंग्रजी मलाही कळलं. साहेबाच्या आधी त्यांना एक मुलगा झाला होता, तो तासभर जगला. बाप्तिस्मा झाला नव्हता म्हणून चर्चच्या आवारात जागा नाही. अशा बाळांना शेताच्या हद्दीवर पुरायची तिकडे रीत होती. म्हाताऱ्याने स्वतःच्या हाताने पुरलं. एका बाजूच्या शेतात गुरं चरायची, त्यांचे पाय वर पडू नयेत म्हणून तिथला गडगा उकलला आणि बाळाच्या बाहेरून वळवून पुन्हा रचला. बायको जाईपर्यंत ती दोघं त्यावर एक शब्द बोलली नव्हती.

साहेबाच्या हातातला फोन खाली कलला, मला नुसती फरशी दिसत होती. पन्नाशी उलटलेला माणूस, आणि आपल्याला भाऊ होता हे त्याला आज कळत होतं. मला स्वतःचा इतका राग आला की काय सांगू. मी फाइल उघडली, वळण होतं तसं घातलं. त्यांच्या जवळच्या शहरात आजच्या आज प्रिंट निघेल, असं साहेब कसाबसा म्हणाला.

सगळ्या शेतांना नावं होती. मी विचारलं, “त्या जागेवर काय लिहू?”

म्हातारा म्हणाला, “त्याचंच लिही,” आणि नाव सांगितलं.

साहेब म्हणाला, “पुन्हा सांगा.”

म्हाताऱ्याने पुन्हा सांगितलं. मी ते टाइप केलं, सगळ्या नकाशात सर्वांत मोठ्या अक्षरांत, त्याला दिसेल असं.