कव्हरवर माझं एकट्याचं नाव

कॉलेजात आमचा चौघांचा रॉक बँड होता. मी इलेक्ट्रिक ऑर्गन वाजवायचो आणि गायचो. गिटारवाला उमरेडचा. चादरीत गुंडाळलेली गिटार मांडीवर घेऊन तो एसटीने यायचा. इंग्रजी गाण्यांच्या नकला करून कंटाळलो तेव्हा आम्ही मराठी गाणी करायला घेतली. त्यातलं सगळ्यात गाजलेलं गाणं गिटारवाल्याच्या चालीचं, शब्द माझे.

ऐंशीच्या सुमारास एका कॅसेटवाल्याने मला एकट्यालाच सीताबर्डीला बोलावलं. म्हणाला, "आवाज तुमचाच हवा. बाकी वादक माझे." मित्रांना विचारून सांगतो, असं मी म्हणालो. विचारलं मात्र कुणालाच नाही. कोणी अडवलं तर, ही भीती होती.

कॅसेट निघाली. त्यातलं आमचं ते गाजलेलं गाणं गिटारवाल्याला सीताबर्डीवरच्या एका दुकानात ऐकू आलं आणि तिथून तो सरळ माझ्या घरी आला. आवाज अजिबात चढवला नाही.

"मले विचारलं असतं, त मी नाही म्हटलं असतं काय गा?"

"मी सांगितलं होतं त्याले, चाल तुझी हाय म्हणून."

"मंग कव्हरवर माहं नाव काहून नाही?"

खरं तर मी कॅसेटवाल्याशी त्याबद्दल बोललोच नव्हतो. हे खोटं त्याला कळलं असावं. आईने आणलेलं पाणीही न पिता तो गेला. महिन्याभरात बँड मोडला.

पुढची काही वर्षं मी विदर्भभर एकटा गात फिरलो. प्रत्येक ठिकाणी त्याच गाण्याची फर्माईश व्हायची, आणि चाल कुणाची हे न सांगताच मी ते गायचो.

मग त्याच्या गावी, उमरेडलाच कार्यक्रम ठरला. गाण्याआधी मी माइकवर त्याचं नाव घेतलं आणि चाल त्याची आहे, हे सांगून टाकलं. तो सभागृहात नव्हता. दुसऱ्या दिवशी सकाळी त्याच्या घरी गेलो, तोवर त्याच्या कानावर गेलं होतं.

"लोकं सांगून राहिले सकाळपासून," तो म्हणाला. "बरं केलं. पण लय उशीर केला गा."

त्या दिवशी माझ्या घरी मी त्याच्याशी खोटं बोललो होतो, तेही कबूल केलं. "मले तेव्हाच समजलं होतं," एवढंच तो बोलला. मग त्याने घरात माझ्यासाठी चहा करायला सांगितला.

आमचं येणंजाणं पुन्हा सुरू झालं. सोबत वाजव म्हणून मी त्याला तीनदा विचारलं. तिन्ही वेळा तो नाही म्हणाला.