एका दाराला एक कुपन

आमच्या मदतकार्याची सुरुवात पोळ्यांनी झाली. पुरात अडकलेल्यांसाठी मुलुंडच्या आमच्या सोसायटीतल्या बायकांनी घरोघर कणीक मळली आणि जो हात पुढे करेल त्याला पोळी-भाजी दिली. नाव-गाव कोणी विचारलं नाही. पुढे संस्था झाली, देणगीदार आले. एकदा वाटपात चेंगराचेंगरी होऊन एका म्हातारीचा हात मोडला, तेव्हा मी कुपनाची पद्धत काढली. आदल्या दिवशी वस्तीत फिरायचं, एका दाराला एक कुपन द्यायचं. दुसऱ्या दिवशी कुपन दाखवेल त्यालाच सामान. या पद्धतीचा मला भारी अभिमान. नव्या कार्यकर्त्यांकडून मी ती घोकून घ्यायचे.

दोन वर्षांपूर्वी घाटकोपरच्या डोंगरावरच्या एका वस्तीवर दरड कोसळली. तिसऱ्या दिवशी खालच्या मैदानात आम्ही ताडपत्र्या आणि चादरी वाटत होतो. रांग कशी शिस्तीत चाललेली. तेवढ्यात पन्नाशीची एक बाई समोर आली, खांद्यावर तापाने फणफणलेली नात. कुपन नव्हतं. पोरीच्या अंगावर घालायला एक चादर तेवढी द्या, म्हणाली. काल आमची माणसं दारावर आली होती, तेव्हाच घ्यायचं होतं, असं मी तिला सुनावलं. असे बिनकुपनाचे प्रत्येक वाटपात येतात, हा तोरा होताच.

ती भांडली नाही.

"बाई, दारच उरलं नाय माझं. तुमची माणसं उभी कुठं राहणार होती?"

मी यादी काढली. पडलेल्या घरांपैकी एकही त्यात नव्हतं. ज्यांची घरं धड होती त्या सगळ्यांना कुपनं मिळाली होती. माझी माणसं चुकली नव्हती, मी शिकवलं तेच त्यांनी केलं होतं.

हे कळूनसुद्धा मी तिला बाजूला थांबवलं. कुपनवाले ओरडतील, आधी त्यांचं होऊ दे, उरलं तर देते, म्हटलं. शेवटची चादर ज्याने नेली, त्याच्या घराचा पत्राही हलला नव्हता. मी मान वर केली तेव्हा बाई निघून गेली होती. बेघर झालेल्यांना ठेवलं होतं त्या पालिकेच्या शाळेत शोधलं, दोन दवाखान्यांत विचारलं. त्या पोरीचं काय झालं ते मला आजही माहीत नाही.

त्या आठवड्यात देणगीदारांना अहवाल पाठवायचा होता. वस्तीतल्या प्रत्येक दारापर्यंत मदत पोहोचली, असं मी लिहिलं. ते खोटं नव्हतं, आणि लिहिताना माझा हात अडखळला नाही.