सुरंगातली धून

हुमनाबादच्या स्टँडवर विचारा, मी काय सांगितलेलं नाही? आमच्या तुरीच्या झाडावर चढून गुलबर्ग्याची रेल्वे पाहिली, हे सांगितलंय. म्हशीनं कन्नडमध्ये शिव्या दिल्या आणि मी मराठीत परत केल्या, तेही सांगितलंय. पण हे एक — हे बायकोलासुद्धा नाही. तुम्हाला सांगतो. जरा जवळ सरका.

लग्नाच्या बँडात मी माइकवाला. वाजवता काही येत नाही. वरातीपुढं बोलत चालायचं, लोकांना नाचवायचं. क्लॅरिनेट वाजवायचा भालकीकडच्या मेहकरचा गौतम. फुंकर त्याची, तोंड माझं, असं लोक म्हणायचे. तो दिवसाला चार शब्द बोलला तर त्यातले दोन "व्हय अण्णा" असायचे.

एकदा हुमनाबादला वरात हायवेवर अडकली. ट्रकच ट्रक. नवरदेव घोड्यावर घामाघूम. गौतम कडेला उभा राहून स्वतःशीच काहीतरी वाजवत होता — सूर चार पावलं चालायचा, धपकन बसायचा, परत उठायचा. नाचणारी पोरं गप्प झाली. एकानं विचारलं, "कुठल्या पिच्चरची ही?" गौतमनं क्लॅरिनेट तोंडातून काढलं. सांगणारच होता.

आणि मी माइक उचलला.

म्हणालो, मंडळी, ही ह्या जगातली नाहीच! बीदरला जमिनीखालून पाणी नेणारी जुनी सुरंग आहे ना, तिच्याही खाली एक देश आहे. तिथल्या माणसांना डोळे नाहीत, कान सुपाएवढे. ही त्यांची 'पाणचाल'. आजा सुरू करतो, नातू संपवतो. वाजते तोवरच पाणी चालतं, थांबली की पाणी खाली बसतं. मी शेळी शोधत आत उतरलो आणि ही धून तोंडात धरून वर आलो. तोंड उघडलं तर सांडंल, म्हणून बीदरपासून हुमनाबादपर्यंत एक शब्द बोललो नाही! लोकांना बिनडोळ्यांची माणसं पटली. मी गप्प बसलो, हे काही पटेना.

काय हशा झाला! गौतमही हसला तेव्हा. मग भालकी काय, बसवकल्याण काय, प्रत्येक लग्नात एकच ओरडा — "सुरंगातली वाजवा!" मी दर वेळी त्या देशात भर घालायचो. एक राणी आणली, तिचे आंधळे घोडे आणले. गौतम वाजवायचा.

मला खरं ठाऊक नव्हतं का? होतं की. पुढं एकदा टेम्पोत त्यानंच लाजत सांगितलं होतं. त्याची लेक सुजाता चालायला शिकत होती — चार पावलं टाकायची, बसायची, उठायची. तिला बघत बघत त्यानं ती धून बांधलेली. जन्मात त्यानं मला स्वतःविषयी सांगितलेली तेवढी एकच गोष्ट.

म्हणाला, "अण्णा, एकदा तरी सांग की, ही मी बांधलीय म्हणून."

मी काय म्हणालो? सांगतो — थांबा. म्हणालो, "येडा झालास का गौत्या? सुरंगातली म्हणलं की वरात थांबतीय. मेहकरच्या गौत्याची म्हणलं तर कोण थांबंल?"

त्यानं रुमालानं क्लॅरिनेटचं तोंड पुसलं. पुसतच राहिला. परत कधी विचारलं नाही.

तुम्हाला वाटलं, झालं, हेच ते? नाही. मी अजून त्याच्याभोवतीच फिरतोय.

गौतम कावीळ होऊन गेला. पुण्यानुमोदनाला अंगणात सगळं गाव बसलेलं. सुजाता आता गुलबर्ग्याला नर्स आहे. ती माझ्याशेजारी येऊन बसली आणि हळूच म्हणाली, "काका, ती सुरंगातली धून... बाबा म्हणायचे, माझ्या चालण्यावर बांधलीय. खरं हाय का?"

व्हय. एवढाच शब्द लागत होता. तोही गौतमचाच. पण आजूबाजूची माणसं माझ्याकडं वळली होती, ओठांवर आधीच हसू धरून — आता अण्णा काय सोडतोय! आणि मी... मी त्या हसण्याला भ्यालो. म्हणालो, "पोरी, माझ्यासंगं राहून तुझा बाप पण थापा मारायला शिकला बघ!"

सगळे हसले. सुजाताही हसली. जरा उशिरा.

परवा ती स्टँडवर भेटली. कडेवर लेक. लेकीला म्हणाली, "हे बघ, तुझा आजा ह्यांच्या बँडात होता. लई थापाड्या होता." प्रेमानंच म्हणाली. थापाड्या — गौतम!

मग तिनं पोरीला खाली सोडलं. पोर चार पावलं चालली, धपकन बसली, परत उठली. सुजाता हसत तिच्याकडं बघत होती. मीही बघत होतो.

गुलबर्ग्याची गाडी लागली. मायलेकी चढल्या, गाडी वळून हायवेला लागली. त्या दिवशी हुमनाबादच्या स्टँडवर मी खरोखरच एक शब्द बोललो नाही.