वरची हुग्गी

शुक्रवार पेठेत कुणाचं लग्न ठरलं की पहिली सुपारी देवाला आणि दुसरी मडिवाळप्पाला, असा रिवाजच पडून गेला होता. मडिवाळप्पा पेठेतल्या एका भांड्यांच्या दुकानात कामाला होता. लग्नकार्याला तपेली, पराती, बादल्या भाड्यानं देणारं ते दुकान. हा गडी भांडी पोचवायला म्हणून जायचा आणि मांडव उतरेपर्यंत तिथंच राबायचा. नवरदेवाच्या मित्रांना गोळा करून कामं वाटून द्यावीत तर त्यानंच. नवरदेवाचे मित्र म्हणजे काय चीज असते ते सांगायला नको. वरातीत नाचायला सगळे पुढं, आणि बादली उचलायची वेळ आली की एकेकाची कंबर धरते.

मडिवाळप्पाची वाटणीची तऱ्हाही जगावेगळी होती. गुण बघून काम कुणीही देईल, हा खोड बघून द्यायचा. पेठेतला चन्नवीर बडबड्या, म्हणून त्याला दारात उभं करायचं. बार्शीहून एस.टी.नं आंबून आलेला पाहुणासुद्धा त्याच्या गप्पांत रमून जायचा. रामहरीनं कशाला हात घातला की थांबायचं नाव नाही, म्हणून त्याला पाणी भरायला लावायचं. आणि गुंडा! तालमीतला हा पैलवान सांगितलं तेवढंच करणार, वर एक नाही, खाली एक नाही. त्याला चपलांवर बसवायचं. मोहोळच्या एका लग्नात त्यानं मुलीच्या बापालासुद्धा स्वतःच्या चपला घालू दिल्या नव्हत्या. "मडिवाळअण्णा म्हणलेत, कुणाला हात लावू द्यायचा न्हाय," एवढंच त्याचं म्हणणं.

अशी पंधरा वर्षं गेली. दुसऱ्यांवर अक्षता टाकता टाकता मडिवाळप्पाला चौतिसावं लागलं. त्याची आई नागव्वा दर लग्नाला यायची, पण पंगतीला बसायची नाही. लेक जेवल्याशिवाय तिच्या घशाखाली घास उतरत नसे, आणि लेक जेवायचा शेवटच्या पंगतीला, वाढप्यांबरोबर. तोवर हुग्गीच्या तपेल्यात बुडाची खरवड तेवढी उरलेली असायची. हुग्गी म्हणजे गव्हाची, गूळ घालून शिजवलेली खीर. आपल्याकडच्या लग्नाला ती नसली तर लोक लग्न झालं असं धरत नाहीत. नागव्वा पानावर ती करपट खरवड घ्यायची आणि म्हणायची, "मला बाई खरवडच आवडती." ऐकून ऐकून मडिवाळप्पालाही ते खरं वाटायला लागलं होतं.

शेवटी चौऱ्याहत्तर सालच्या वैशाखात अक्कलकोटकडच्या ईरम्माशी त्याचं जमलं. त्या दिवशी नागव्वानं लेकाला समोर बसवून घेतलं.

"तुला बादलीबिगर कुठल्या लग्नात बघितलं न्हाय मी. तुझ्या लग्नात तरी बोहल्यावर बसलेला बघायचाय मला. अक्षता पडून पयली पंगत बसंपतोर जाग्यावरनं उठायचं न्हाय. उठलास तर त्या मांडवात मी पाणी बी पिणार न्हाय."

"बसतो की अव्वा. बसायचं म्हंजी काय लई अवघड काम हाय?"

अवघड म्हणजे महाअवघड होतं, पण ते त्याला अजून कळायचं होतं.

कामांची वाटणी या खेपेला मित्रांनी आपल्याकडं घेतली. अण्णाचं लग्न म्हटल्यावर सगळ्यांना चेव आलेला. चन्नवीर मुखत्यार झाला आणि मुखत्यार झाल्या झाल्या त्यानं रामहरीला हुग्गी ढवळायला बसवलं. भांड्यांचं तर विचारूच नका. दुकानात एक जाड बुडाचं, काळंठिक्कर तपेलं होतं. मडिवाळप्पा त्याला लाडानं म्हातारी म्हणायचा आणि हुग्गीला कायम तेच द्यायचा, कारण त्यात बुडाला थोडी खरवड धरली तरी वरची हुग्गी करपत नसे. मित्रांना वाटलं, एवढी लोकांची लग्नं चमकवली अण्णानं, त्याच्याच लग्नाला हे काळं धूड न्यायचं? त्यांनी नवंकोरं, पातळ बुडाचं, कालच कल्हई केलेलं तपेलं उचललं. मिशी विंचरावी असं लखलखत होतं. निव्वळ मायेपोटी केलं हो सगळं, आणि नवरदेवाला कशाला त्रास, म्हणून त्याला विचारलंही नाही.

गुंडाचं काम तेवढं नागव्वानं स्वतः ठरवलं. "गुंडा, ह्याच्या पाठीमागं उभा ऱ्हा. हा काय बी सांगू दे, ऐकायचं न्हाय."

"व्हय आक्का," गुंडा म्हणाला आणि उभा राहिला.

मठाच्या आवारात मांडव भरला. कपाळाला बाशिंग बांधून मडिवाळप्पा ईरम्माशेजारी बसला. लग्न लावणारे अय्या मंत्र म्हणत होते, आणि नवरदेव डोळ्यांच्या कोपऱ्यातून पत्रावळी मोजत होता. तिसरी रांग वाकडी लागली होती. पाण्याच्या पिंपावर झाकण नव्हतं. तरी तो बसला. मग वाऱ्याबरोबर करपल्याचा वास आला.

त्यानं बाशिंग सारून चुलीकडं पाहिलं. लखलखतं तपेलं! आणि दोन्ही हातांनी उलथणं धरून घाम गाळत ढवळणारा रामहरी!

हुग्गी बुडाला लागली की तळाला हात लावायचा नसतो. खालचा जाळ ओढायचा आणि वरची हुग्गी अलगद दुसऱ्या भांड्यात काढून घ्यायची. तळ ढवळला की करपट सगळीकडं पसरते. आणि रामहरी काही आपणहून थांबणारा नव्हता. तीनशे पान व्हायचं होतं.

"गुंडा," मडिवाळप्पा पुटपुटला, "हुग्गी लागायलीय. रामहरीला थांबीव जा."

"बसा अण्णा."

"आरं, खरंच लागायलीय!"

"तुमचं ऐकायचं न्हाय म्हणलंय आक्कांनी. बसा."

एवढ्या वर्षांत पहिल्यांदाच गुंडाची खोड मडिवाळप्पाच्या अंगावर आली. त्यानं असहाय होऊन शेजारी पाहिलं. ईरम्माला त्यानं आजवर एकदाच पाहिलेलं, तेही चहाच्या कपाआडून. बायकोशी पहिल्यांदा काय बोलायचं याचा चार दिवस विचार करून ठेवला होता त्यानं. ते सगळं राहिलं बाजूला आणि तोंडातून निघालं, "हुग्गी बुडाला लागली."

"मला बी वास आला," ईरम्मा खाल मानेनं म्हणाली. "वरची काढून घ्याय पायजे."

मग मान जराशी वळवून ती म्हणाली, "गुंडाभाऊ, ह्यांचं ऐकायचं न्हाय म्हणून सांगितलंय तुमाला. माझं ऐकायचं न्हाय असं कुणी सांगितलंय का?"

गुंडानं विचार केला. प्रामाणिकपणे केला. "न्हाय बा."

"मग जावा. जाळ ओढा, रामहरीभाऊंना बाजूला करा, अन् वरची हुग्गी दुसऱ्या तपेल्यात काढायला लावा. तळाला उलथणं लावायचं न्हाय."

गुंडा निघाला. आता पाठीमागं कुणीच नव्हतं. मडिवाळप्पाचे गुडघे आपोआप उचलले गेले. पंधरा वर्षांची सवय ती, चुलीपर्यंत वीस पावलं, कोण अडवणार होतं? तेवढ्यात त्याची नजर समोर गेली. मांडवाच्या खांबाजवळ नागव्वा मुठीत अक्षता धरून त्याच्याकडं पाहत होती. रागानं नव्हे. नुसती डोळे भरून पाहत होती.

मडिवाळप्पा परत बसला. चांगली मांडी ठोकून बसला.

तिकडं गुंडानं रामहरीला उलथण्यासकट उचलून बाजूला ठेवलं आणि सांगितलं तेवढंच, पण चोख केलं. अक्षता पडल्या, वाजंत्री कडाडली आणि पहिली पंगत बसली. नवराबायकोची पानं बोहल्यावरच मांडली, आणि त्यांच्या समोरच्याच पानावर नागव्वा बसली. पंधरा वर्षांत पहिल्यांदा ती पहिल्या पंगतीला होती. चन्नवीरनं वाफाळती हुग्गी वाढली. करपटीचा मागमूस नव्हता. नागव्वानं एक घास घेतला आणि थांबली. मग दुसरा घेतला.

"वरची हुग्गी अशी लागती व्हय रं?" ती म्हणाली.

मडिवाळप्पानं मान वर केली. "अव्वा, तुला तर खरवड आवडती की."

"खरवड कुणाला आवडती, येड्या?" नागव्वा हसली आणि पदरानं डोळे पुसले.

मडिवाळप्पानं हातातला घास पानात ठेवला. एवढ्या माणसांच्या खोडी ओळखल्या त्यानं, पण आईचं पान कधी ओळखलं नाही.

"पयली पंगत बसली अव्वा. आता उठू का?"

"ऊठ. अन् तूप बी आण."

बाशिंगासकट नवरदेवानं बादली उचलली. ईरम्मानं तुपाचं भांडं घेतलं, आणि दोघं मिळून नागव्वाला वाढायला गेली.