बेल्मा ओरुणा आणि शेवटचे दोन शब्द

नाव: बेल्मा ओरुणा. वय: एकोणपन्नास वर्षे अकरा महिने. हुद्दा: काचपुसणी, तिसरी श्रेणी, मनगृह, तिर्वेल. उंची: शिडी वगळता बेताची. मनाचा प्रकार: मंद. परीक्षा: सहा. निकाल: सहाही वेळा दुसरा शब्द. शिफारस: सावलपारी रवानगी.

ही नोंद माझ्याच अक्षरातली आहे. तिच्यात खोटं काही नाही. अक्षरही बरं आहे.

तिर्वेलमध्ये शेंबडं पोरही सांगेल, की सूर्य उजेड देत नाही. तो नुसता विचारतो. उत्तर मन देतं. दोघांचं बोलणं होतं, त्याला आपण उजेड म्हणतो. हे ज्याला पहिल्यांदा उमगलं त्या तेलामने मनगृहाच्या पूर्वेच्या भिंतीत परातीएवढं भिंग बसवलं आणि समोरच्या भिंतीवर सात शब्द कोरले, प्रत्येक आधीच्यापेक्षा पुसट. भिंगापुढे बसायचं, डोळे मिटायचे. मन जेवढं लख्ख, तेवढे शब्द उजळणार. पहिले पाच सगळ्यांना पाठ आहेत: सूर्य विचारतो, मन उत्तर देतं. पुढचे दोन तेलामने कुणाला सांगितले नाहीत, आणि ते उजळल्याची नोंद नाही. त्या दोन शब्दांवर मनगृहात अकरा ग्रंथ आहेत. अलीकडे तर तिसरा शब्द उजळला तरी घरी गोडधोड होतं. मनं मंदावण्याचं युग आलंय, असं अकरावा ग्रंथ म्हणतो.

पन्नाशीच्या आत तिसरा शब्द उजळला नाही, तर माणसाला नदीपलीकडे सावलपारी जावं लागतं. तिथे डोंगराआडून ऊन दिवसाला दोन तास येतं. मंद मनाला तेवढं पुरतं, असा नियम आहे. बेल्माच्या दारात सोनशेंगेचा वेल होता, तिने बियापासून वाढवलेला. दोन तासांच्या उन्हात त्याला शेंग धरत नाही. सातव्या परीक्षेला ती त्या वेलासाठी आली होती.

"बेल्मे, आज तरी डोकं रिकामं ठेव गं," रांगेत मागे उभी असलेली अळंबीवाली झुरी म्हणाली.

"रिकामंच आहे. सहा वेळा लेखी मिळालंय."

"मग बसताना पोट आत घे. माझ्या नणंदेचा त्यानेच तिसरा आला."

बेल्मा आत आली. मापक ओस्तेनबाबांनी तिला भिंगापुढच्या पाटावर बसवलं, डोळे मिटायला सांगितलं आणि रिवाजाप्रमाणे भिंगाकडे पाठ करून भिंतीकडे तोंड केलं. मापक भिंतीकडे बघतो, परीक्षार्थी डोळे मिटतो, आणि कारकुनाने वहीत बघायचं असतं.

मी वहीत बघत नव्हतो.

बेल्माने डोळे उघडले. सव्वीस वर्षं तिने हे भिंग रोज सकाळी शिडीवर चढून बाहेरून पुसलं होतं. जाण्याआधी एकदा आतून बघावं, एवढंच तिच्या मनात आलं असावं. आतल्या अंगाला हात लावायचा नसतो. तिथे पूर्वजांची उत्तरं बसलेली असतात. हात लावला तर परीक्षेविनाच सावलपार.

तिने पाहिलं. चेहरा असा झाला, जसा पाहुण्यांच्या ताटात केस दिसल्यावर होतो. तिने भिंगावर 'हा' करून वाफ सोडली, कमरेचं फडकं ओढलं आणि घासायला घेतलं. फडकं काळं झालं. तिने ते उलटलं. ती बाजूही काळी झाली.

आणि भिंत पेटली! दुसरा शब्द कुठला, चौथा, पाचवा, सगळी ओळ तांब्याच्या नव्या भांड्यासारखी झळाळली. ओस्तेनबाबा दोन पावलं मागे सरकले ते पाटाला अडखळून खालीच बसले.

"सहावा!" ते ओरडले. "सहावा उजळला! सातवा! अहो, सातवा!"

बाहेरची रांग दार ढकलून आत घुसली. कुणी बेल्माच्या पायांवर डोकं ठेवलं, कुणी चुकून माझ्या. झुरी नाचायलाच लागली. "आमच्या गल्लीतली आहे हो! माझ्याकडून अळंबी घेते!"

"बेल्माबाई," ओस्तेनबाबा खालूनच म्हणाले, "तीनशे वर्षांत असं मन झालं नाही. काय साधना केलीत?"

नुसतं गप्प राहिली असती, तर वेल राहिला असता. पण तिने काळं फडकं वर धरलं.

"साधना कसली बाबा? काच पुसली. आतून."

झुरी नाचता नाचता एका पायावरच थांबली.

"आतून?" ओस्तेनबाबा म्हणाले. "हात लावलात?"

"हात नाही, फडकं. जायचंच आहे, म्हटलं घाण ठेवून कशाला जा. पाठवा आता सावलपार. पण आधी भिंतीवर काय लिहिलंय ते तरी वाचा की!"

सातवा शब्द उजळला हे सगळ्यांनी पाहिलं होतं. वाचायचं कुणाला सुचलं नव्हतं. ओस्तेनबाबा उठले, भिंतीला नाक लावून एकेका अक्षराखाली बोट धरत त्यांनी वाचलं.

"काच... पुसा."

मग त्यांनी पुन्हा वाचलं. अकरावा ग्रंथ त्यांचाच होता. ते हसायला लागले, इतके की झुरीने त्यांना पाणी दिलं. हसून झाल्यावर त्यांनी झुरीला पाटावर बसवलं: सातवा. मला बसवलं: सातवा. स्वतः बसले, आणि भिंत बघायला त्यांनी बेल्माला उभं केलं.

"सातवा, बाबा," ती म्हणाली. "डावीकडे अजून एक डाग आहे. थांबा."

संध्याकाळपर्यंत सावलपारचे लोक नावा भरभरून आले. जो पाटावर बसेल त्याचा सातवा; नियमाप्रमाणे कुणालाच परत पाठवता येईना. बेल्माला पाठवायचं म्हटलं, तर सातव्या शब्दाची आज्ञा पाळणारी तेवढी एकच होती. वेल जागच्या जागी राहिला.

सभेचा ठराव मी स्वच्छ अक्षरात उतरवला आहे: 'समस्त नागरिकांच्या मनांचा एकाच दिवशी अभूतपूर्व उत्कर्ष झाल्याचे सभेच्या निदर्शनास आले असून, त्याची कारणमीमांसा बाराव्या ग्रंथात यथावकाश करण्यात येईल.'

काच मळली होती.