आमच्या विहिरीत नारू कुणी सोडला

डॉक्टरांनी माझ्या पायाची पट्टी सोडली. टाच हातात धरून त्यांनी पाय दोन्ही बाजूंनी पाहिला. गुडघ्यामागे दाबलं तेव्हा मी कळवळले. मग त्यांनी माझ्या सासूबाईंना विचारलं, "नारू कुणी ओढला?"

"कुणी नाय ओढला. आपोआप तुटला," आत्याबाई म्हणाल्या. सासूबाईंना मी आत्याबाई म्हणत असे.

"आपोआप तुटत नाही. ओढल्यावर तुटतो आणि उरलेला आत सडतो. पू गुडघ्यापर्यंत चढलाय. सेप्टिक झालंय. बाईंना इथं ठेवावं लागेल."

"पाय कापणार का?" मी विचारलं.

"ते आज सांगता येत नाही."

हे कर्जतच्या सरकारी दवाखान्यात झालं. दुसऱ्या महायुद्धाची वर्षं होती. औषधं मिळत नाहीत म्हणून डॉक्टर हातपाय कापून मोकळे होतात, असं आमच्याकडे बोलत. डॉक्टरांनी सरळ उत्तर दिलं नाही, तेव्हा मी समजले की यांनी मनात ठरवलंय आणि आपल्यापासून लपवतायत.

ज्यांच्या गावात अजून पायऱ्यांची विहीर आहे, त्यांच्यासाठी मी हे लिहिते आहे. मी माहेरी, पोशीरच्या शाळेत चौथीपर्यंत शिकले, म्हणून चार अक्षरं लिहिता येतात.

नारूला इंग्रजीत गिनी वर्म म्हणतात. हातभर लांब, शिवणाच्या दोऱ्याइतका बारीक, पांढरा किडा. तो माणसाच्या अंगात वर्षभर वाढतो आणि उन्हाळ्यात कातडी फोडून बाहेर येतो, बहुतेक वेळा पायातून.

माझ्या घोट्यावर चैत्रात खाज सुटली. तिसऱ्या दिवशी करवंदाएवढा फोड आला आणि निखारा ठेवावा तशी आग होऊ लागली. थंड पाण्यात पाय घातला की आग थांबायची. कळंबजवळ आमचं गाव. तिथली पिण्याची विहीर पायऱ्यांची होती. उन्हाळ्यात पाणी खाली जाई, मग बायका शेवटच्या पायरीवर पोटरीभर पाण्यात उभ्या राहून हंडे भरत. मीही तशीच उभी राहत असे. त्या दिवसांत जरा जास्तच वेळ. चौथ्या दिवशी फोड पाण्यातच फुटला आणि त्यातून पांढरा दोरा दिसू लागला.

त्या साली गावातल्या नऊ घरांत नारू होता. पूर्वीही होत असे, पण इतका नाही. जो तो दुसऱ्याकडे संशयाने बघू लागला. कुणी म्हणे, वरच्या आळीच्या बायका विहिरीवर धुणं धुतात. कुणी म्हणे, देवीचं काही राहून गेलंय.

मग ठमी आली. गावाबाहेर ओढ्याच्या वर कातकऱ्यांची सात-आठ झोपड्यांची वाडी होती. ठमी तिथली, माझ्याच वयाची. ती आमच्याकडे सरपणाच्या मोळ्या घालत असे. मोळी उतरवून ती माझ्या पायाकडे बराच वेळ बघत राहिली.

"आमच्यात नाय होत ह्ये," ती म्हणाली आणि निघून गेली.

तिचं ते वाक्य माझ्या मनात रुतून बसलं. आमच्या नऊ घरांत आणि यांच्यात एकाला नाही? मी आत्याबाईंना सांगितलं, "ठमी माझ्या पायाकडं टक लावून बघत व्हती. म्हनली, आमच्यात नाय होत."

आत्याबाईंनी हातातलं सूप खाली ठेवलं. "असं म्हनली?"

"व्हय."

एवढंच मी बोलले. दोन दिवसांत ते गावभर झालं. आत्याबाईंनी खालच्या आळीतल्या एका जाणत्याला बोलावलं. त्याने दोरा काडीला गुंडाळून झटका दिला. दोरा तुटला. रात्रीपासून ताप चढला आणि पाचव्या दिवशी मला बैलगाडीत घालून कर्जतला आणलं.

दवाखान्याच्या पडवीत चार खाटा होत्या. डॉक्टरांनी पोटरीवर चीर दिली, पू काढला आणि आत औषधाची वात भरली. रोज सकाळी ती वात बदलत. पहिले तीन दिवस मी त्या वेळेची वाट बघत भिंतीकडे तोंड करून पडून असे.

कंपाउंडर दिवसातून चार वेळा पांढऱ्या गोळ्या देई. त्या सल्फाच्या, म्हणजे पू वाढवणारे जंतू मारणाऱ्या, हे मला नंतर कळलं. तेव्हा वाटे, या गुंगीच्या गोळ्या असणार. आपण झोपलो की पाय कापतील. मी त्या तोंडात धरून नंतर गादीखाली सारत असे. ताप उतरेना. तिसऱ्या दिवशी चादर बदलताना गोळ्या खाली घरंगळल्या.

डॉक्टर रागावले नाहीत. खाटेशेजारी स्टूल ओढून बसले. "या मिळवायला मला दोनदा मुंबईला माणूस पाठवावा लागला. तुम्हाला नको असतील तर पलीकडच्या खाटेवरच्याला देतो. त्यालाही गरज आहे. पण मग पायाचं मी काही सांगू शकत नाही."

मी त्यांच्यासमोर गोळी गिळली. दोन दिवसांनी ताप उतरला.

नंतर त्याच पायाला दुसरा फोड आला. हा नारू मात्र डॉक्टरांनी तुटू दिला नाही. ओली पट्टी ठेवून, आगपेटीच्या काडीवर रोज जेमतेम एक वेढा. ओढ लागली की थांबायचं. सव्वीस दिवस लागले. तो वेढा देता देता ते विचारत, "पाणी कुठलं पिता? विहीर कशी आहे? गेल्या उन्हाळ्यातही तिथलंच प्यायलात?"

गेल्या उन्हाळ्याचं यांना काय करायचंय, असं मला वाटे. शेवटी मी सांगून टाकलं, "विहिरीचं काय नाय, डॉक्टर. वरच्या वाडीतल्या कातकऱ्यांनी काहीतरी केलंय. त्यांच्यात एकालाबी नारू नाय."

त्यांचा हात थांबला. "एकालाही नाही?"

"नाय."

"ते पाणी कुठलं पितात?"

मला सांगता आलं नाही. आठ वर्षं मी त्या गावात होते. ठमी आठवड्यातून दोनदा दारात येत होती. आमच्या विहिरीवर त्यांना येऊ देत नसत, एवढं माहीत होतं. पण मग ते पितात काय, हे माझ्या मनातही आलं नव्हतं.

पुढच्या रविवारी आमचे हे भेटायला आले, तेव्हा डॉक्टरांनी त्यांनाही तेच विचारलं. "ओढ्याच्या वाळूत डवरा काढत्यात," हे म्हणाले. डवरा म्हणजे वाळूत हाताने उकरलेला खड्डा. त्यात झिरपून आलेलं पाणी करवंटीने भरून घेतात.

"म्हणजे वाळूतून गाळलेलं पाणी," डॉक्टर म्हणाले. मग आम्हा दोघांना त्यांनी सावकाश समजावलं. नारूचा फोड पाण्यात फुटला की किडा हजारो पिल्लं पाण्यात सोडतो. साचलेल्या पाण्यात डोळ्यांना जेमतेम दिसणारे, टुणटुण उड्या मारणारे बारीक जीव असतात, त्यांना सायक्लॉप्स म्हणतात. ते ही पिल्लं खातात. ते पाणी माणूस पितो आणि वर्षाने त्याच्या पायातून नारू निघतो. वाळूतून किंवा दुपदरी फडक्यातून गाळलं की ते जीव वरच अडकतात.

"म्हणजे नारू कोण सोडतं विहिरीत?" ह्यांनी विचारलं.

"ज्याच्या पायाला तो आहे आणि जो पाण्यात उतरतो, तो."

मी चादर पायावर ओढून घेतली. ह्यांचं माझ्याकडे लक्ष नव्हतं. ते खाली बघत होते. तसेच म्हणाले, "वाडी उठवली."

"कुणी?"

"आमी समद्यांनी. परवा. झोपड्या मोडल्या. तूच म्हनालीस ना, ठमीनं नजर लावली म्हनून?"

मी तसं म्हणाले नव्हते. पण जे म्हणाले होते ते मला आठवलं.

घरी आले ती काठी टेकत. गुडघा आजही पुरता वळत नाही; भाताच्या लावणीला मी वाकू शकत नाही. आल्या आल्या मी पाणी दुपदरी फडक्यातून गाळायला सांगितलं. आत्याबाई म्हणाल्या, "आमच्या वाडवडलांनी प्यालेलं पानी. इहिरीला काय झालंय?" काय झालंय ते मला माहीत होतं. पण ते सांगायचं तर त्या चैत्रात सकाळ-संध्याकाळ पाय बुडवून कोण उभी होती, हेही सांगावं लागलं असतं. मी माझ्यापुरतं पाणी गाळून प्याले आणि गप्प बसले. पूर्ण एक वर्ष. ह्यांनीही दवाखान्यातलं कुणाला सांगितलं नाही; झोपड्या मोडणाऱ्यांत तेही होते. लोक आता म्हणत, कातकरी जाताना विहिरीत काही टाकून गेले. तेही मी ऐकून घेतलं.

पुढच्या चैत्रात माझी नणंद यमू विहिरीवरून लंगडत आली. पंधरा वर्षांची होती. त्या वैशाखात तिचं लग्न ठरलेलं होतं.

"वयनी, लई आग होते गं," ती म्हणाली. तिच्या घोट्यावर फोड होता. अजून फुटला नव्हता. "पान्यात ठेवला की बरं वाटतं," असं म्हणून ती पुन्हा विहिरीकडे वळली.

काठी टेकत मी तिच्यामागे गेले. ती दुसऱ्या पायरीवर पोचली होती. खाली चार बायका पाणी भरत होत्या. मी तिचा दंड धरून तिला मागे ओढलं, इतक्या जोरात की दोघीही पायरीवर बसलो.

"हिला पान्यात जाऊ देऊ नका," मी म्हणाले. "गेल्या साली मी पाय बुडवून हितं उभी राहत व्हते. माझा नारू ह्याच पान्यात सुटला. तोच यमूला झालाय. वाडीतल्यांनी काय नाय केलं."

बायकांनी हंडे खाली ठेवले. एकीने विचारलं, "तुला कवा कळलं?"

"दवाखान्यात."

"म्हंजी वरीस झालं?"

"व्हय."

त्यानंतर कित्येक महिने त्या बायका माझ्याशी बोलल्या नाहीत. आत्याबाईही कामापुरतं बोलत. मला ते चुकीचं वाटलं नाही. यमूला आम्ही लगेच कर्जतला नेलं. तिचा नारू अखंड निघाला आणि लग्न मार्गशीर्षात झालं. डॉक्टर स्वतः गावात आले. विहिरीचं पाणी काचेच्या पेल्यात घेऊन त्यांनी उन्हात धरलं आणि त्यातले उड्या मारणारे ठिपके प्रत्येकाला दाखवले. त्या पावसाळ्याआधी गावाने पायऱ्या बुजवल्या, कठडा बांधला आणि रहाट बसवला. पुढच्या उन्हाळ्यात दोन घरांत नारू निघाला. त्याच्या पुढच्या उन्हाळ्यात एकाही नाही.

त्या वर्षी मी ठमीला शोधायला गेले. खोपोलीकडे शिळफाट्याजवळ एका वीटभट्टीवर ती कच्च्या विटा वाहत होती. मला पाहून डोक्यावरच्या विटा तिने उतरवल्या नाहीत.

"आता काय झालं गावात?" तिने विचारलं. "कुनाला काय झालं म्हनून आलीस?"

"कुनाला काय नाय झालं. नारू माझ्यामुळं वाढला. तुमच्यामुळं नाय. ते सांगायला आले. परत या म्हनायला आले."

ती माझ्याकडे तशीच बघत राहिली. मी खरं बोलते आहे की यात आणखी काही आहे, ते ती पडताळून पाहत होती.

"तू एकलीच आलीस," ती म्हणाली. "झोपड्या तू नाय मोडल्यास. मोडनारे कुठं हायत?"

घरी येऊन मी ह्यांना शब्दाला शब्द सांगितलं. ते जेवताना उठून गेले. पण आठ दिवसांनी गावातले तिघे सोबत घेऊन शिळफाट्याला जाऊन आले. त्या पावसाच्या आधी पाच घरं वाडीत परत आली. त्यांच्या झोपड्यांच्या कुडाच्या भिंती गावच्या माणसांनी उभ्या केल्या.

डॉक्टरांनी माझा पाय राखला. त्यांचे उपकार मी विसरणार नाही. आजारातून उठल्यावर माणूस देवाचे आणि वैद्याचे आभार मानतो, तसे मीही मानले. पण आता मला स्वतःचाही संशय येतो. कुणाबद्दल काही बोलायचं झालं, की ते मला माहीत आहे की नुसतं वाटतंय, हे मी आधी तपासते. पुष्कळ वेळा मग बोलायचं राहूनच जातं.

परत आलेल्या पाच घरांत ठमीचं घर नव्हतं. तिने निरोपही पाठवला नाही. पावसाळ्यात भट्टी बंद झाली की ते लोक कुठे जातात, ते शिळफाट्याच्या बाजारात मी दोघातिघांना विचारलं. कुणाला सांगता आलं नाही.